निवडुंगाचं रक्त

आमच्या गावी परड्याच्या बांधाला फड्या निवडुंगाचं कुंपण होतं. पावसाळा सरला की त्याच्या हिरव्या फडांवर पांढरे पुंजके दिसू लागायचे, पिंजलेला कापूस वाऱ्याने येऊन चिकटावा तसे. काडीने एखादा पुंजका दाबला की काडीचं टोक लालभडक. आम्ही मुलं त्याला बुरशी समजायचो आणि त्या लालाने सपाट दगडांवर आपापली नावं लिहायचो. पांढऱ्या बुरशीत एवढा लाल येतो कुठून, हा प्रश्न तेव्हा कुणालाच पडला नाही. उत्तर मिळालं ते चाळीसेक वर्षांनी, मेक्सिकोतल्या विणकरांच्या एका गावात, एका घराच्या परसात टांगलेल्या निवडुंगाच्या फडावर.

गावाचं नाव तेओतित्लान देल वाये. दक्षिण मेक्सिकोतल्या वाहाका शहराच्या पूर्वेला साधारण ३० किलोमीटरवर, डोंगराच्या अगदी कुशीत. वस्ती पाच-सहा हजारांची. माणसं सापोतेक, म्हणजे स्पॅनिश लोक यायच्या आधी दोन हजार वर्षांपासून या खोऱ्यात नांदत आलेली. घरात, बाजारात अजूनही सापोतेकच बोलतात. पाहुण्यांशी आणि कचेरीत स्पॅनिश. या भाषेत उच्चाराचा सूर चढला-उतरला की शब्दाचा अर्थ बदलतो, त्यामुळे दोन बायका भाजीचा भाव करत असल्या तरी कान देऊन ऐकत राहावंसं वाटतं.

हे गाव बघायचं तर पायीच. गाडीतून दिसतात ती रस्त्याकडेची दुकानं आणि बाहेर टांगलेले गालिचे. खरं गाव उंच भिंतींच्या आत, अंगणांत असतं, आणि गावचं माणूस सोबत असल्याशिवाय त्या अंगणांत शिरता येत नाही. आम्हाला फिरवणाऱ्या बाई इथल्याच. विणकराच्या घरात जन्मलेल्या, विणकराच्याच घरात दिलेल्या. रंग आणि माग बघायला आलेल्या आम्हा पाहुण्यांना त्यांनी आधी नेलं बाजारात. रंगाची गोष्ट तिथूनच सुरू होते, असं त्या म्हणाल्या. ते किती खरं होतं, हे दुपारी कळलं.

बाजार सकाळी भरतो आणि दुपारच्या आत उठतोही. भरतकामाचे अंगरखेवजा एप्रन घातलेल्या, खांद्यावरून ओढणी घेतलेल्या बायका टोपल्या घेऊन बसलेल्या असतात. मक्याचं आणि कोकोचं फेसाळ तेजाते मोठ्या पातेल्यात घुसळलेलं. हिरव्या मिरच्या, टोमॅटो, भोपळ्याची फुलं, शेंगदाणे, पेरू. मराठी माणसाला हा बाजार परका वाटूच शकत नाही, कारण यातलं जवळजवळ सगळं याच खंडातून आपल्याकडे आलेलं आहे. मिरची पोर्तुगिजांच्या जहाजांतून गोव्याला उतरली तिला पाचशे वर्षं होत आली, आणि आज मिरचीवाचून मराठी स्वयंपाक डोळ्यांपुढे आणता येत नाही.

बाई थांबल्या त्या मात्र मिरचीपाशी नव्हे, एका पांढऱ्या खड्यांच्या ढिगापाशी. चुना. स्पॅनिशमध्ये त्याला ‘काल’ म्हणतात. इथल्या भाकरीचा, म्हणजे तोर्तियाचा, मका आधी चुन्याच्या पाण्यात शिजवतात आणि रात्रभर तसाच भिजत ठेवतात. सकाळी दाण्यांची सालं हातानेच सुटतात. मग दाणे धुऊन दळायचे. चुन्यामुळे पीठ नीट मळलं जातं, आणि त्याहून मोठी गोष्ट म्हणजे मक्यात घट्ट अडकून बसलेलं ब-३ जीवनसत्त्व मोकळं होतं. युरोपने मका नेला पण चुना मागेच राहिला. पुढे अठराव्या शतकात स्पेन आणि इटलीतल्या मक्यावरच जगणाऱ्या गरिबांना पेलाग्रा नावाच्या रोगाने पछाडलं, कातडी सोलवटली, माणसं भ्रमिष्ट झाली. याच जीवनसत्त्वाच्या अभावाने तो होतो, हे कळायला विसावं शतक उजाडावं लागलं. मेक्सिकोतल्या बायका तोपर्यंत तीन हजार वर्षं रोज रात्री मका चुन्यात टाकत आल्या होत्या. ‘हा चुना लक्षात ठेवा,’ बाई म्हणाल्या आणि पुढे चालू लागल्या.

बाजारापासून चर्च हाकेच्या अंतरावर आहे. ख्रिस्ताच्या पवित्र रक्ताला वाहिलेलं हे चर्च सापोतेकांच्या जुन्या मंदिराच्या जागेवर, त्याच मंदिराच्या दगडांनी बांधलेलं आहे. भिंतीत मधूनच एखादा कोरलेला दगड डोकावतो. पायऱ्यापायऱ्यांची नक्षी, एखादी आकृती. चर्चच्या मागच्या बाजूला जुन्या मंदिराचा चौथरा उघडा केलेला दिसतो. मोडणाऱ्यांनी हे दगड मुद्दाम वर दिसतील असे लावले, की बांधणाऱ्या सापोतेक गवंड्यांनी आपले देव नव्या भिंतीत जपून ठेवले, याचा विचार मी बराच वेळ तिथे उभं राहून केला. मला दुसरं खरं वाटतं. दगड पालथा लावणं सोपं होतं, आणि तो पालथा लावलेला नाही.

जुलैत इथे चर्चची जत्रा भरते आणि पटांगणात पिसांचा नाच होतो. नर्तकांच्या डोक्यावर गाडीच्या चाकाएवढे पिसांचे गोल मुकुट असतात. स्पॅनिश कोर्तेस आणि अस्तेकांचा राजा मोक्तेसुमा यांच्या संघर्षाची कथा ते नाचून सांगतात. नाचणारे तरुण तीन वर्षांचा नवस बोललेले असतात. नाचाचा आणि जेवणावळींचा खर्च कुटुंबाला झेपतो तो ‘गेलागेत्सा’मुळे, आणि ही गोष्ट मराठी माणसाला समजावून सांगावी लागत नाही. तुमच्या घरी कार्य निघालं की मी दहा कोंबड्या किंवा अमुक इतका मका देणार. माझ्या घरी निघालं की तुम्ही तेवढंच परत करणार. हे सगळं वहीत लिहून ठेवतात. आपल्याकडच्या आहेराच्या वहीसारखीच ती वही, फक्त इथे ती आईकडून मुलीकडे वारशाने येते आणि त्यातली देणी पिढी ओलांडूनही फेडली जातात. गावाच्या कामाला प्रत्येक घरातून माणूस द्यायचा, त्याला ‘तेकियो’ म्हणतात. आपली सावड किंवा इर्जिक आठवावी. वाहाका राज्यात ५७० नगरपालिका आहेत, त्यांतल्या चारशेहून अधिक ठिकाणी कारभारी पक्षांच्या चिन्हांवर निवडत नाहीत, गावसभेत रूढीप्रमाणे नेमतात. तेओतित्लान त्यांतलंच एक.

वाटेत एका घरी मेणबत्त्या करतात ते पाहिलं. वात वर टांगलेली असते आणि वितळलेलं मधमाश्यांचं मेण वाटीने वरून ओततात, पुन्हा पुन्हा, पदर चढत जातात. मग साच्यांवर मेणाच्या पातळ पाकळ्या काढून फुलं करतात आणि मेणबत्ती फुलांनी मढवतात. मागणी घालायला मुलाकडचे मुलीच्या घरी जातात तेव्हा अशा मेणबत्त्या घेऊन जातात. तिथे जास्त वेळ थांबलो नाही, पण पाकळ्यांचा गुलाबी रंग कुठला, असं कुणीतरी विचारलं. बाईंनी नुसतं पुढच्या गल्लीकडे बोट दाखवलं.

आणि मग एका निळ्या दारातून आम्ही अंगणात शिरलो.

डावीकडे माग, दोन मोठे लाकडी पायमाग, इतके भरभक्कम की घरच त्यांच्याभोवती बांधलं असावं. उजवीकडे चुली आणि हंडे. मध्ये दोरीवर वाळत घातलेल्या लोकरीच्या लडी. एका भिंतीला निवडुंगाचे फड उलटे टांगलेले, ओळीने, खुंटीला छत्र्या अडकवाव्यात तसे. त्या फडांवर पांढरे पुंजके होते. मी जागच्या जागी थबकलो.

पण बाईंचा क्रम ठरलेला होता. आधी लोकर.

लोकर ही इथली मूळची नाहीच. स्पॅनिश यायच्या आधी सापोतेक बायका कमरेच्या मागावर सूत आणि घायपातीचा वाख विणायच्या. त्या मागाचं एक टोक झाडाला बांधलेलं, दुसरं विणणारीच्या कमरेभोवती; ती मागे रेलली की ताणा ताठ होतो, पुढे झुकली की सैल. सोळाव्या शतकात स्पॅनिशांबरोबर मेंढ्या आल्या, चरखा आला, पायमाग आला. वाहाकाचे पहिले बिशप हुआन लोपेस दे सारातेंनी या गावाला मेंढ्या आणि माग दिले, असं इथे सांगतात. नव्या मागावर पुरुष बसले आणि बायकांकडे लोकर पिंजणं, कातणं उरलं. गेल्या काही दशकांत ती वाटणी मोडली. आता बायकाही मागावर बसतात, त्यांचे स्वतःचे गट आहेत, आणि त्या अंगणातल्या मागावर त्या दिवशी एक विशीतली मुलगीच बसली होती.

येवल्यात पैठणीचा पदर विणताना ज्यांनी पाहिला आहे त्यांना हे विणकाम ओळखीचं वाटेल. धोटा एका काठापासून दुसऱ्या काठापर्यंत धावत नाही. प्रत्येक रंगाची आपली वेगळी छोटी कांडी, ती आपल्या वाट्याचे ताण्याचे धागे ओलांडते आणि सीमेवरून माघारी फिरते. शेजारचा रंग तिथपर्यंत येतो आणि तोही फिरतो. बाणा इतका ठासून बसवतात की ताणा पार झाकला जातो; गालिच्याचा रंग तो सगळा आडव्या धाग्यांचा. गंमत अशी की दोन रंगांची सीमा जर सरळ उभी ठेवली तर तिथे फट पडते, कारण दोन्ही धागे आपापल्या बाजूला परतलेले असतात. एक तर शेजारचे धागे प्रत्येक ओळीत एकमेकांत अडकवायचे, नाहीतर काही ओळींनंतर सीमा एक-दोन धागे बाजूला सरकवायची. सरकवत गेलं की होतो जिना. या गावाच्या गालिच्यांवरची पायऱ्यांची नक्षी, त्या पायऱ्यांतून वळणारी चौकोनी गोगलगाय, विजेचा कोन, हे सगळं मागाला सहज जमणाऱ्या आकारांतून फुललेलं आहे. इथून पुढे मित्ला नावाचं प्राचीन स्थळ आहे. तिथल्या भिंतींवर हजारो लहान दगड घासून, चुन्याशिवाय एकमेकांत बसवून हीच नक्षी केलेली आहे. ती भिंत पाहिली तेव्हा मला ती दगडात विणलेली वाटली.

बाजारासाठी गावाने दुसऱ्यांचंही बरंच विणलं. पिकासो आणि मिरोची चित्रं विणली, १९८०च्या दशकात अमेरिकेतल्या व्यापाऱ्यांसाठी नावाहो लोकांच्या नक्षी विणल्या. त्या कामात कसब कमी नव्हतं. तरी मागावरच्या त्या मुलीने जिन्याची नक्षी कागद न पाहता, ओठांनी धागे मोजत उतरवली, तेव्हा हात कुठल्या नक्षीत घरी असतात ते दिसलं.

आता निवडुंग.

बाईंनी फडावरचा एक पुंजका नखाने अलगद उचलला, वरचं पांढरं मेण पुसलं. आत करड्या रंगाचा, मसुरीच्या दाण्याएवढा एक किडा. पाय दिसत नव्हते, पंख नव्हते, काही हालचाल नव्हती. ही मादी. जन्मल्यावर ती थोडीशी चालते, फडावर आवडती जागा शोधते, सोंड आत खुपसते आणि मग आयुष्यभर तिथून हलत नाही, रस पीत मोठी होत राहते. नराला पंख असतात पण तोंड नसतं. तो काही दिवस जगतो, मादीपर्यंत पोचतो आणि संपतो. साधारण तीन महिन्यांत मादी काढणीला येते. सुकवली की तिच्या वजनाचा जवळजवळ पाचवा हिस्सा निव्वळ रंग असतो, कार्मिनिक आम्ल. एक किलो रंगकिडे गोळा करायला लाखाहून जास्त माद्या लागतात.

एवढा रंग ती अंगात बाळगते कशासाठी? नटण्यासाठी खचितच नाही, बाहेरून तर ती पांढरी. हे आम्ल मुंग्यांना नकोसं असतं. जागची हलू न शकणाऱ्या जिवाचं ते चिलखत आहे. आणि निसर्ग इथेही थांबत नाही. एका पतंगाची अळी या किड्यांना बिनदिक्कत खाते, त्यांचं आम्ल पचवत नाही, पोटात साठवते, आणि स्वतःवर मुंग्या चालून आल्या की तेच लाल बाहेर टाकून त्यांना परतवते.

या किड्याचं शास्त्रीय नाव डॅक्टिलोपियस कॉकस. आणि मला थक्क करणारी बाब ही की हा पाळीव आहे. गाय पाळीव असते तसा, तुतीवरचा रेशमाचा किडा पाळीव असतो तसा. रानातले त्याचे भाईबंद आकाराने लहान, मेणाच्या जाड गोधडीत गुंडाळलेले आणि रंगाला उणे. मेक्सिकोतल्या शेतकऱ्यांनी पिढ्यान्पिढ्या मोठे किडे निवडले, वाढवले, तेव्हा हा दुप्पट आकाराचा, पातळ मेणाचा, रंगाने ओथंबलेला जीव तयार झाला. पातळ मेणामुळे तो नाजूकही झाला. थंडी सोसत नाही, पाऊस सोसत नाही, म्हणून फड तोडून छपराखाली टांगायचे. माणसाने हात काढून घेतला तर हा लाल जगातून जाईल. अस्तेकांच्या नावात्ल भाषेत याला ‘नोचेस्तली’ म्हणत. अर्थ, निवडुंगाचं रक्त.

बाईंनी मूठभर सुके किडे घेतले आणि पाट्यावर वाटायला बसल्या. हो, पाटा-वरवंटाच. मेक्सिकन पाट्याला तीन पाय असतात एवढाच फरक, बाकी बसणं, रेलणं, मनगटाची लय सगळी आपल्या आजीची. करडी भुकटी वाटता वाटता जांभळट, मग गडद लाल झाली. चिमूटभर भुकटी त्यांनी माझ्या तळहातावर ठेवली, पाण्याचा थेंब सोडला, बोटाने फिरवली. किरमिजी. मग लिंबू पिळलं. माझ्या डोळ्यांदेखत तो किरमिजी शेंदरी झाला, केशरी झाला, विझत आलेल्या निखाऱ्यासारखा. दुसऱ्या हातावर तसाच थेंब, आणि त्यावर सकाळच्या बाजारातला तो चुना, नखाच्या टोकावर मावेल एवढा. रंग जांभळा झाला. पिकलेल्या जांभळाइतका.

सगळे चकित होऊन बघत होते. मला मात्र हळद आठवली. हळदीला चुना लागला की कुंकू होतं, हे आपल्याकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. दोन्हींत घडतं ते एकच. रंगाच्या रेणूला हायड्रोजनचे काही कण चिकटलेले असतात. आंबट पाण्यात ते जागेवर राहतात. चुन्याच्या, क्षारधर्मी पाण्यात ते निसटतात, रेणूतल्या इलेक्ट्रॉनांची मांडणी बदलते, आणि उजेडातला जो भाग रेणू आधी गिळत होता त्याऐवजी वेगळा भाग गिळू लागतो. उरलेला उजेड आपल्या डोळ्यांपर्यंत येतो, त्याला आपण रंग म्हणतो. हळद पिवळ्याची लाल होते, किड्याचा लाल केशरी नाहीतर जांभळा होतो. हंड्यात तुरटी घातली की तुरटीतलं अॅल्युमिनियम एका हाताने लोकर धरतं, दुसऱ्या हाताने रंग, आणि रंग धुण्याला टिकतो. एक किडा, लिंबू, चुना, तुरटी एवढ्यावर हे घर डझनावारी छटा काढतं. स्वयंपाकघर आणि रंगशाळा यांचं सामान एकच. बाई आम्हाला आधी बाजारात का घेऊन गेल्या, ते आता उमगलं.

या लालाने जगाला वेड लावलं होतं. १५४०च्या सुमारास मेक्सिकोत तयार झालेल्या मेंदोसा हस्तलिखितात वाहाका भागातून अस्तेक सम्राटाला जाणाऱ्या खंडणीची चित्रं आहेत. त्यात सोनं आहे, कापड आहे आणि या किड्यांची पोतीही आहेत. स्पॅनिशांनी तो युरोपात नेला तेव्हा तिथल्या रंगाऱ्यांनी असा गडद, पक्का लाल पाहिलाच नव्हता. मेक्सिकोतून जाणाऱ्या मालात चांदीच्या खालोखाल किंमत याची होती. कार्डिनलांचे झगे, ब्रिटिश अधिकाऱ्यांचे लाल कोट, रेम्ब्रांच्या चित्रांतला लाल, सगळीकडे हा किडा होता. स्पेनने मात्र तो आहे तरी काय, याचा पत्ता लागू दिला नाही. सुकलेला किडा दिसतो बीसारखा, स्पॅनिश नावही ‘ग्राना’, म्हणजे दाणा. दोनशे वर्षं युरोपातले विद्वान भांडत राहिले: फळ, बी की किडा? अखेर मेल्किओर द रॉयशर नावाच्या डच गृहस्थाने पैज लावली की तो किडा आहे. त्यासाठी थेट वाहाकात, निवडुंग पिकवणाऱ्या शेतकऱ्यांच्या शपथेवर जबान्या नोंदवून आणवल्या. पैज तो जिंकला आणि १७२९ साली त्या जबान्यांसकट पुस्तक छापलं. पाळीव जीव आहे हे ज्यांना जन्मापासून माहीत होतं त्यांना विचारायला युरोपला दोन शतकं लागली, याचं मला फार वाईट वाटतं.

मग चोरी आलीच. १७७७ साली थिएरी द मेनोनव्हिल हा फ्रेंच वनस्पतिशास्त्रज्ञ परवान्याशिवाय वाहाकापर्यंत पोचला आणि किडे लागलेले निवडुंगाचे फड लपवून हैतीत घेऊन गेला. तीन वर्षांत तो वारला आणि ती लागवडही फार काळ टिकली नाही. ईस्ट इंडिया कंपनीलाही हा लाल हवाच होता. मद्रासमध्ये त्यासाठी निवडुंगाची बाग उभी राहिली. १७९५ साली कॅप्टन नीलसन नावाच्या अधिकाऱ्याने ब्राझीलच्या रिओ द जानेरो बंदरातून किडे कलकत्त्याला आणले. पण ते वाहाकाचे पाळीव किडे नव्हते. ते रानटी भाईबंद होते, कमी रंगाचे. लाल रंगाचा धंदा उभा राहिला नाही, पण किडे मोकळे सुटले आणि निवडुंग फस्त करत देशभर पसरले. किड्याकडून तण मारून घेण्याचं जगातलं हे अगदी सुरुवातीचं उदाहरण मानतात. पुढे १९२६ साली निवडुंगाचा बंदोबस्त करायला यांचीच आणखी एक जात श्रीलंकेतून मुद्दाम आणून दक्षिण भारतात सोडली.

आमच्या परड्याच्या बांधावरचे पुंजके या भाईबंदांपैकीच. आणि ज्यावर ते बसायचे तो फड्या निवडुंगही अमेरिका खंडातलाच. आम्ही मुलं दगडांवर नावं लिहीत होतो ती कंपनीच्या फसलेल्या व्यापाराच्या शाईने.

वाहाकाचा लाल मात्र कंपनीने मारला नाही. १८५६ साली लंडनमध्ये विल्यम पर्किन या अठरा वर्षांच्या मुलाने डांबरातून जांभळा रंग काढला, आणि पाठोपाठ कारखान्यांतले स्वस्त रंग आले. काही दशकांत इथल्या निवडुंगाच्या बागा ओस पडल्या. आज जगातले सर्वांत जास्त रंगकिडे पेरू देशात पिकतात आणि ते जातात लिपस्टिकमध्ये, मिठायांमध्ये; पाकिटावर बारीक अक्षरांत ‘ई १२०’ लिहिलेलं असतं. तेओतित्लानमध्येही पुष्कळ लोकर कारखान्याच्या रंगांत रंगते आणि त्यात लपवण्यासारखं काही नाही, पोटाचा प्रश्न आहे. पण काही घरांनी जुने हंडे पुन्हा चुलीवर चढवले. अशा घरचा गालिचा महाग पडतो आणि पडायलाच हवा. विकत घ्यायचा असेल तर ज्याने विणला त्याच्या अंगणात जाऊन, त्याच्या हातातून घ्यावा.

दुपार कलली तेव्हा बाईंनी शेवटचा हंडा उघडला. वास उग्र, आंबूस. आत पिवळट हिरवं पाणी. ‘अन्यिल,’ त्या म्हणाल्या. त्या शब्दाने मी चमकलोच, कारण तो आपलाच आहे. संस्कृत ‘नील’, तो फारशीत गेला, अरबीत ‘अन्-नील’ झाला, अरबांबरोबर स्पेनला पोचला, स्पेनमधून अटलांटिक ओलांडून या अंगणात. झाड इथलं वेगळं आहे, नीळ द्रव्य तेच, नाव आपलं. नीळ पाण्यात विरघळत नाही. आंबवून हंड्यातला प्राणवायू संपवला की ती विरघळते आणि निळेपण हरवते. बाईंनी पांढरी लड आत बुडवली, थोडा वेळ धरली आणि बाहेर काढली. ती हिरवी होती. आम्ही बघत असताना वरच्या टोकाकडून निळा उतरू लागला, हवा लागेल तसतसा, कुणीतरी अदृश्य कुंचला फिरवत असल्यासारखा. मिनिटाभरात लड निळी. शेजारच्या दोरीवर पिवळी लड होती, पेरिकोन नावाच्या झुडपाने रंगवलेली. पेरिकोन हा झेंडूचा सख्खा भाऊ. दसऱ्याला आपण दारावर लावतो तो झेंडूही मूळचा मेक्सिकोचाच, आणि इथे नोव्हेंबरच्या सुरुवातीला मेलेल्या माणसांना घराची वाट सापडावी म्हणून त्याच्या पाकळ्या दारापर्यंत पसरतात. निळ्या हंड्यात बाईंनी ती पिवळी लड बुडवली. यावेळी हिरवी आली, आणि हिरवीच राहिली.

निघताना हात धुवायला अंगणातल्या टाकीपाशी गेलो. उजव्या तळहातावरचा लिंबाचा केशरी डाग वाळला होता. घरी हळदीच्या डागावर साबण लावला की तो लाल होतो, हे आईने कितीदा दाखवलं होतं, तरी त्या क्षणी ते ध्यानात नव्हतं. साबणाचा फेस केला आणि हात उघडला. डाग जांभळा झाला होता.